डूलन्स रिवॉर्डचं शेवटचं धुराडं

सरकारने आमच्या गावाच्या जागेवर एक पाटी ठोकली आहे. 'डूलन्स रिवॉर्ड. येथील सोने संपल्याने गाव ओस पडले.' ही पाटी ज्याने लिहिली तो पर्थला पंख्याखाली बसून लिहीत असणार. सोनं संपलं हे खरं. पण गाव ओस पडायच्या आधी आम्ही ते खाल्लं. रस्ते खाल्ले, भिंती खाल्ल्या, तुरुंग खाल्ला. खाणाऱ्यांपैकी आता मी एकटा उरलोय, तेव्हा दोन शब्द मलाच लिहायला हवेत. माझं नाव कॉर्नेलियस मुलकाही. लोक कॉर्नी म्हणतात. मूळचा आयरिश, धर्माने कॅथलिक, धंद्याने दगडाचा कस लावणारा. लोकांनी आणलेला दगड कुटायचा, भाजायचा आणि त्यात सोनं किती ते सांगायचं, हे माझं काम. या गावात माणसं रडली ती बहुतेक माझ्या टेबलासमोर.

ज्याच्या नावाने गाव वसलं तो डूलन मुळात पाणी शोधायला निघाला होता. पाणी त्याला मरेपर्यंत मिळालं नाही, सोनं पहिल्याच आठवड्यात मिळालं. दोन वर्षांत त्या माळावर पाच हजार माणसं, चौदा गुत्ते आणि पाण्याची एक टाकी झाली. सोनं पिवळं असतं एवढं ज्ञान आम्हा सगळ्यांना होतं, आणि त्या ज्ञानानेच आमचा घात केला. पिवळ्या सोन्याबरोबर एक काळपट हिरवा, वजनाला जड असा दगड निघायचा. तो आम्ही बाजूला फेकायचो. फेकून फेकून डोंगर झाले, तेव्हा कोणीतरी म्हणालं की फुकटचा दगड आहे, वापरा. मग त्याने रस्त्यातले खड्डे बुजवले. त्याच्या चुली झाल्या, धुराडी झाली, तुरुंगाच्या भिंती झाल्या, थडग्यांना कडा झाल्या. आणि मी, गावातला एकमेव जाणकार! माझ्या कचेरीचं दार वाऱ्याने आपटू नये म्हणून मी त्याच दगडाचं टेकण लावलं होतं. तीन वर्षं त्याला ठेचकाळलो आणि त्याला शिव्या घातल्या. त्याचा कस लावावा हे मात्र सुचलं नाही.

लोहाराची भट्टी त्या दगडाची होती. एका सकाळी राख काढताना त्याला दगडावर पिवळे थेंब दिसले, घाम फुटल्यासारखे. सोनं दगडाच्या पोटात दुसऱ्या धातूशी लग्न लावून बसलं होतं. कडक आच लागली तेव्हा घटस्फोट झाला. लोहार बिलंदर. त्याने कोणाला अवाक्षर सांगितलं नाही. पण ऐन सोमवारी दुकान बंद करून जो माणूस स्वतःचीच भट्टी घणाने फोडतो, त्याचं गुपित किती वेळ टिकणार? दुपारपर्यंत गावभर झालं.

मग जे सुरू झालं त्याला मी 'जेवण' म्हणतो. मुख्य रस्त्यावर एका दिवसात त्रेचाळीस जणांनी खुंट्या ठोकून हक्क सांगितला. नगराध्यक्षाच्या बायकोला समोरच्या दुकानात जायचं तर सात मालकांची परवानगी काढावी लागे. हार्प हॉटेलात माणसं पीत बसलेली असताना त्याची पुढची भिंत गेली. पिणारे म्हणाले, बरं झालं, वारा येतो. तुरुंगातल्या चौघांनी कोठडीची भिंत आतून फोडली, दगड पोत्यात भरून माझ्याकडे कस लावायला आणला आणि संध्याकाळी झोपायला परत कोठडीत गेले, कारण गावात तेवढ्याच खोलीला छप्पर धड होतं. फौजदाराने त्यांच्यावर खटला भरला नाही. त्याने पाचवी भिंत स्वतःसाठी राखून ठेवली होती. तुरुंगाला पाचवी भिंत कुठून आली हे मला विचारू नका, फौजदाराला ती सापडली होती.

महिन्याभरात गावात दगडावर दगड राहिला नाही. राहिलं ते फक्त नॅनकर्विसांचं धुराडं.

विल्फ नॅनकर्विस कॉर्नवॉलचा. तिकडची माणसं खाणीतच जन्मतात म्हणतात, आणि विल्फकडे बघून ते खरं वाटायचं. आडवा बांधा, बोलणं कमी, पण आवाज असा की मेथडिस्टांच्या चॅपलमध्ये तो खर्ज लावू लागला की बाकांच्या फळ्या थरथरायच्या. लग्न करून थर्झाला इथे आणायच्या आधी त्याने घर बांधलं. घर म्हणजे पत्रा आणि गोणपाट; पण तिला भट्टीत पास्ट्या, म्हणजे मांस-बटाटा भरलेले कानवले, भाजता यावेत म्हणून धुराडं मात्र बांधलं दगडाचं, घराहून उंच, खाली खोलीभर रुंद चूल. उत्तमातला उत्तम, एकसारखा, जड दगड त्याने एकेक हाताने निवडला होता. म्हणजे गावातला सगळ्यात श्रीमंत दगड त्या चुलीत होता.

जमाव धुराड्याकडे आला तेव्हा थर्झा दारात उभी राहिली. हातात चुलीतली लोखंडी सळई, तीही तापलेली.

"हे माझ्या नवऱ्याने माझ्यासाठी बांधलंय," ती म्हणाली. "ज्याला दगड हवा त्याने पुढे यावं. पहिला येईल त्याला फुकट डाग देईन."

कोणी पुढे आलं नाही. खाणीतल्या पाळीवरून आलेला विल्फ गर्दीच्या मागे उभा होता. तोही पुढे गेला नाही, हे मी पाहिलं.

पुढे खाण खोल गेली, सोन्याआधी खारं पाणी लागलं, आणि १९१३ साली कंपनीने टाळं लावलं. आमच्याकडची घरं पत्र्याची; माणूस हलला की घर उकलून रेल्वेवर चढवतो. दर शुक्रवारच्या गाडीतून कोणाचं ना कोणाचं घर जायचं. शाळा गेली, तिच्यामागच्या डब्यात पोरं आणि मास्तर. चॅपल गेलं नऊ मैलांवर क्विन्स टँकला. वर्षाअखेरीला गावात तीनच माणसं उरली: मी, विल्फ आणि नॅनकर्विसबाई. मी राहिलो, कारण माझी वाट बघणारं कुठेच कोणी नव्हतं. ते राहिले, कारण बाईने पाय रोवले होते. "धुराडं गाडीत चढत नाही," ती म्हणायची, "म्हणून मीही चढणार नाही."

विल्फने तिला सांगितलं की कंपनीने त्याला बंद खाणीचा राखणदार म्हणून ठेवलंय. दर शुक्रवारी तो पगाराचं पाकीट टेबलावर ठेवायचा. बाईला त्याची थोडी शरम वाटे. "धडधाकट माणूस," ती मला ऐकवायची, "आणि दिवसभर एका भोकाची राखण करतो. भोक काय पळून जाणार आहे?"

आणि त्याच सुमाराला विल्फने चॅपल सोडलं. रविवारी सकाळी बाई टांगा जोडून एकटी क्विन्स टँकला जाऊ लागली. का येत नाहीस म्हणून तिने विचारलं, तेव्हा तो म्हणाला, "मला ते आता पटत नाही." बस, एवढंच. मेथडिस्ट बाईच्या नवऱ्याने असं म्हणणं म्हणजे काय, ते आमच्यासारख्या कॅथलिकांनाही कळतं. अकरा वर्षं तिने त्याला समजावलं, रागावली, रडली, त्याच्या पास्टीत मीठ घालायचं सोडून पाहिलं. तो बिनमिठाची खाऊन टाकायचा. १९२५ साली छातीत दगडाची धूळ साचून तो मेला, तेव्हाही पाळकाला त्याने बोलावलं नाही. थडग्यावर तिने नाव आणि तारखा कोरल्या. बायबलमधलं वचन कोरलं नाही.

"खोटं कसं कोरू, मुलकाही?" ती मला म्हणाली. "मी वर जाणार. तो खाली गेला. एकोणतीस वर्षांचा संसार, आणि पुढे भेट नाही."

हे ती रडून सांगत नसे. गाडीचं वेळापत्रक सांगावं तशी सांगायची, आणि मला जमिनीत गडप व्हावंसं वाटायचं. कारण खरं काय ते मला ठाऊक होतं, आणि बोलायची मला चोरी होती.

कंपनीने विल्फला राखणदार वगैरे काही ठेवलं नव्हतं. बाकीच्यांबरोबर त्यालाही नारळ दिला होता. घर सोडलं तर थर्झा मोडेल, आणि राहिलो तर खायचं काय, अशा कात्रीत तो माझ्याकडे आला.

"कॉर्नी गड्या," तो म्हणाला, "ते धुराडं आतून काढता येईल का? तिला न कळता?"

काढता आलं. बाई रविवारी नऊला निघायची आणि तीनला यायची. ती दिसेनाशी झाली की विल्फ चुलीत शिरायचा, एकदोन दगड सोडवायचा आणि त्यांच्या जागी खाणीच्या ढिगाऱ्यातले तसल्याच मापाचे भिकार दगड बसवून वर काजळी फासायचा. काढलेला दगड मी लोखंडी खलात कुटायचा, भाजायचा, पाऱ्याने सोनं धरायचं, आणि माळावर वेचलं म्हणून कालगुर्लीच्या बाजारात विकायचं. पगाराची कोरी पाकिटं माझ्या कचेरीत गठ्ठ्याने पडली होती. अशी अकरा वर्षं त्या घराने आपलं धुराडं खाल्लं, आणि बाईला वाटत राहिलं की आपण कंपनीचं खातोय.

"पण चॅपल का सोडतोस?" मी त्याला पहिल्याच रविवारी विचारलं. "राखण करावी लागते म्हणून सांग की."

"सांगितलं असतं," विल्फ म्हणाला. "पण ती दुसऱ्या दिवशी कंपनीला पत्र लिहील, की माझ्या नवऱ्याला रविवारी, देवाच्या शब्बाथ दिवशी, कामाला का जुंपता. तू ओळखत नाहीस तिला. श्रद्धा उडाली म्हटलं की पत्र कोणाला लिहिणार?"

एकदा पाळक आजारी म्हणून ती बाराला परत आली. विल्फ कमरेपर्यंत धुराड्यात, बाहेर फक्त पाय. दगडाचं पोतं दिसू नये म्हणून मी त्यावर बसलो.

"हे काय?" बाई म्हणाली.

"पाखरू अडकलंय," आतून घुमत आवाज आला. "बैल विहिरीत पडला तर शब्बाथ दिवशीही काढावा, असं शास्त्रातच आहे, थर्झा."

"शास्त्र तुला अजून आठवतं?" ती म्हणाली. "आणि पाखरू कुठंय?"

"उडालं."

मरताना त्याने माझ्याकडून क्रुसावर हात ठेवून शपथ घेतली: धुराड्याचं तिला कधी सांगायचं नाही. "मी मनापासून केलेलं एवढं एकच काम तिच्याकडे आहे," तो म्हणाला. "ते तिच्याकडून काढून घेऊ नकोस."

नऊ वर्षं मी शपथ पाळली. मग सोन्याचा भाव चढला आणि एका नव्या कंपनीचा एल्फिक नावाचा पोरगेला साहेब मोटार घेऊन आला. नवी हॅट, नवे बूट. डूलन्स रिवॉर्डचं शेवटचं धुराडं अजून उभं आहे, हे त्याने कुठेतरी वाचलं होतं, आणि ते त्याला विकत हवं होतं. बाई त्याला सळईने हाकलेल म्हणून मी निवांत होतो. तिने त्याला बसवलं, चहा दिला, आणि मला बाजूला घेतलं.

"मुलकाही," ती हळू आवाजात म्हणाली, "तुमच्या लोकांत काहीतरी सोय असते ना? मेलेल्या माणसाला खालून काढायची?"

"कसली सोय?"

"सोंग करू नकोस. तुमचे फादर मेलेल्यासाठी मिस्सा म्हणतात, ती देवळातली प्रार्थना, आणि मग माणूस हळूहळू वर सरकतो. असं ऐकलंय मी."

"ते शुद्धिस्थानातून हो, नॅनकर्विसबाई; तिथे पापं धुऊन झाली की वर घेतात. अगदी तळाला, नरकात गेलेल्याला नाही."

"मग तो शुद्धिस्थानात आहे असं धरून चाल. वाईट माणूस नव्हता तो." तिने लपवावं तसं तोंड एप्रनने पुसलं. "आमच्यात असलं काही चालत नाही. पाळकाला कळलं तर मला चॅपलमधून काढतील. काढू देत. किती मिस्सा लागतील? नास्तिक होता, म्हणजे जास्त लागतील ना?"

"बाई, तुम्ही हे..."

"धुराडं विकते मी. सगळं. चुलीसकट. त्याचे पैसे तुझ्या फादरला दे, आणि सांग की एकही मिस्सा चुकवायची नाही."

ज्या धुराड्यासाठी तिने अख्ख्या गावाला डाग द्यायची तयारी केली होती, ते ती विकायला निघाली होती. आणि त्यात सोन्याचा कण नव्हता, आणि ज्याच्यासाठी विकायचं त्याला त्याची गरज नव्हती.  एल्फिकने चुलीच्या आतून तीन तुकडे काढले, रुमालात गुंडाळले आणि आठ दिवसांनी कस घेऊन येतो म्हणाला.

त्या आठ दिवसांत मी तीनदा सांगायला गेलो. पहिल्यांदा तिने पास्टी दिली. तोंड भरलेलं असताना कबुलीजबाब देता येत नाही. दुसऱ्यांदा ती चुलीपुढचं सामान हलवत होती आणि भिंतीला म्हणत होती, "आता थोडेच दिवस, विल्फ." मी आल्या पावली परतलो. तिसऱ्यांदा मी एवढंच म्हणालो की दगडात सोनं नसेल तर? ती हसली. "विल्फने निवडलेला दगड आहे," ती म्हणाली.

आठव्या दिवशी एल्फिक आला. हॅट हातात.

"मॅडम, माफ करा," तो म्हणाला. "काहीच नाही. शून्य. हा रस्त्यावर टाकायच्या लायकीचा दगड आहे."

बाई उठली ती सळईकडेच गेली. "लबाड! फुकटात लाटायला बघतोस?"

"मॅडम, मी दोनदा..."

"विल्फ नॅनकर्विसने निवडलेला दगड! रस्त्यावर टाकायचा? थांब, तुला दाखवते शून्य कसं असतं!"

एल्फिक मोटारीकडे धावला. एक नवा बूट पायरीपाशी राहिला, तो न्यायलाही थांबला नाही. बाई सळई घेऊन माझ्याकडे वळली. "तू लाव कस. तू आमचा माणूस आहेस."

"लावलाय," मी म्हणालो. शपथ मोडल्याबद्दल देवाने मला जे करायचं ते करावं. "अकरा वर्षं लावत होतो."

मग मी सगळं सांगितलं. नारळ, पाकिटं, रविवार, काजळी, पाखरू. ती उभीच होती. सांगून झाल्यावर तिने सळई खाली केली.

"म्हणजे त्याची श्रद्धा उडाली नव्हती?"

"नाही."

"हे तू मला बरं वाटावं म्हणून बोलतोयस. आयरिश माणूस मेलेल्याविषयी कधी खरं बोलत नाही."

"तो चुलीत शिरल्यावर तुमची उपासनागीतं म्हणायचा, बाई. खालचा सूर त्याचा. एकट्याने गोडी येत नाही म्हणून दुसरा सूर मला शिकवला. शिव्या देऊन शिकवला. दगड कुटता कुटता मी तो म्हणायचो. आमच्या फादरला कळलं असतं तर मलाही काढलं असतं."

"म्हणून दाखव."

"आत्ता?"

"म्हण, मुलकाही."

मी म्हटला. मेथडिस्टांचं कोणतंही गीत चारजण चार सुरांत वाटून घेतात, आणि त्यातला दुसऱ्या जागेचा सूर एकट्याने म्हटला तर तो बकऱ्याने ओरडल्यासारखा लागतो. चॅपलमध्ये वर्षानुवर्षं बसल्याशिवाय तो कोणाला येत नाही, कॅथलिकाला तर नाहीच. मी तीन कडवी म्हटली. दुसऱ्या कडव्यात एका ठिकाणी विल्फ हट्टाने सूर लांबवायचा, तो मीही लांबवला, कारण मला तसाच येत होता. तिथे बाई मटकन खाली बसली.

मी गाणं संपवलं. ती एप्रनमध्ये तोंड घालून रडत होती, आणि मला इतकं बरं वाटत होतं की माझीच मला लाज वाटली.

"अकरा वर्षं मी त्याला ऐदी म्हटलं," ती म्हणाली. "नास्तिक म्हटलं. बिनमिठाचं खायला घातलं. आणि मेला एक शब्द बोलला नाही."

"तुमचं धुराडं तुमच्याकडे राहावं म्हणून, बाई."

"आणि वर शब्बाथ मोडला! दर रविवारी! अकरा वर्षांचे रविवार!" ती ताडकन उठली. डोळे पुसले, सळई चुलीशेजारी जागेवर ठेवली, आणि त्या भिकार दगडांवरून एकदा हात फिरवला. एकही दगड हलत नव्हता.

"थांब म्हणावं," ती म्हणाली. "वर पोचले की आधी त्याचे कान उपटते. देवासमोर उपटते."